लो-बजेट प्रायोगिक सिनेमांतच काम करत राहिलं तर अभिनेत्याचं करिअर होतं का?

होतं, पण घर त्यावर क्वचितच चालतं. बहुतेकांना पोटापाण्याचं काम वेगळं ठेवावं लागतं. अमेरिकन अभिनेता-दिग्दर्शक जॉन कॅसावेट्स दुसऱ्यांच्या मोठ्या चित्रपटांत भूमिका करायचा आणि ते पैसे स्वतःच्या सिनेमात घालायचा. ‘फेसेस’ (१९६८) त्याने १६ मिमीच्या स्वस्त फिल्मवर, बराचसा राहत्या घरात शूट केला. ‘अ वुमन अंडर द इन्फ्लुअन्स’साठी (१९७४) तर घर गहाण टाकलं. त्यात काम करणाऱ्या पीटर फॉकनेही पदरचे पैसे घातले; तेव्हा तो टीव्हीवर ‘कोलंबो’ ही गुप्तहेर मालिका करत होता.

मग मिळतं काय? तर असा अभिनय, जो दुसरीकडे कोणी करूच देत नाही. त्याच चित्रपटात कॅसावेट्सची बायको, नायिका जीना रोलँड्स मुलांच्या स्कूलबसची वाट बघत रस्त्यावर उभी असते. येणाऱ्या-जाणाऱ्या बायकांना वेळ विचारते, त्या तिला टाळून निघून जातात. कथा इंचभरही पुढे सरकत नाही, पण ती बाई आपल्याला आतून कळते. मी तो प्रसंग कितीदा पाहिलाय! या भूमिकेने तिला ऑस्करचं नामांकन मिळालं, आणि २०१५ मध्ये एकूण कारकिर्दीसाठी मानद ऑस्करही.

तुम्ही या वाटेला जाणार असाल तर दिग्दर्शक नीट निवडा, एकाच माणसाबरोबर पुन्हा पुन्हा काम करा. आणि मानधन, प्रवास, जेवण, तुमच्या कामाचं चित्रण (फुटेज) कधी हातात मिळणार हे सगळं लेखी घ्या, सिनेमा मित्राचा असला तरी.