अल्बेनियन भाषेत कुणी आपल्याला 'त केच्यन' म्हणालं तर काय समजायचं? ॲप तर 'वाईट' एवढंच दाखवतं.

राग नाही, शिवी तर मुळीच नाही. लाड आहे तो. आणि ॲपच्या जिवावर कुणाशी अबोला धरणार असाल, तर आधी आमच्या घरातलं ऐका.

आम्ही मिलानला होतो तेव्हा समोरच्या दारात अल्बेनियातल्या व्लोरा शहराच्या एक आजी राहायच्या. मार्च १९९१मध्ये तिकडून जहाजं भरभरून माणसं इटलीच्या ब्रिंडिसी बंदरात उतरली, त्यांतल्याच. माझी मुलगी चार महिन्यांची. जिन्यात दिसली की आजी तिची हनुवटी धरून म्हणायच्या, "त केच्यन, त केच्यन!" नवऱ्याने फोनवर तपासलं. 'वाईट'. झालं! "बाई पोरीचं वाईट चिंतते," म्हणून तीन आठवडे दाराला साखळी. आजींनी पाठवलेला ब्यूरेकही, म्हणजे पालक भरलेला पापुद्र्यांचा भाजलेला पदार्थ, त्याने ताटलीसकट परत केला. मी गप्प बसले, ती माझी चूक.

शेवटी मोडक्या इटालियनमध्ये मीच विचारलं. आजी हसल्या. मुलीच्या गालावरून हात फिरवून तो स्वतःच्या छातीशी नेला आणि म्हणाल्या, "हिचं वाईट ते मला." मला एकदम आमची साताऱ्याची आजी दिसली, नातवंडांची आलाबला घेऊन कानशिलावर कडाकडा बोटं मोडणारी.

पूर्ण वाक्य 'ता मार्शा त केच्यन', म्हणजे तुझी पीडा मला लागो. आपल्या 'होवो', 'टळो'सारखं तिकडे क्रियापदाचं इच्छा सांगणारं वेगळं रूप आहे. 'रोफ्श' म्हणजे 'जगत राहा', आभार मानतानाही तेच म्हणतात. 'प्लाच' म्हणजे 'फुटून मर', तेही त्याच रूपात. आमच्या आजींच्या तोंडी क्रियापद गळून नुसतं कर्म उरलं होतं. ॲपने त्या कर्माचा अर्थ दिला, बाकी त्याला कुठून कळणार!

नवरा अजून म्हणतो, "शब्द तर तोच होता ना?" तो इथे वाचतो, म्हणून मुद्दाम लिहिते. शब्द तोच होता रे. पण बाळाची हनुवटी धरून कुणी शिव्या देतं का? "मेल्या, किती वाळलास!" म्हणणारी तुझी आत्या तुला मारायला उठलेली असते का? तेव्हा बरा ॲप लागत नाही तुला.

हां, तुम्हाला कोण म्हणालं ते तुम्ही लिहिलेलं नाही. बहुतेक वेळा मोठी माणसं लहानांना म्हणतात. पण गळ घालतानाही म्हणतात, 'एवढं कर ना राजा' अशा सुरात. ऑफिसातलं कुणी बरोबरीचं म्हणालं असेल, तर त्याचं काही काम अडलंय का ते आधी बघा.