एजबॅस्टन नेमके कोणत्या काउंटीत?

वाचकांचे प्रश्न

इंग्लंडमधल्या वेस्ट मिडलंड्स काउंटीबद्दल बेळगाव, खानापूर, निपाणी आणि चिकोडीहून आलेल्या प्रश्नांची उत्तरे या अंकात एकत्र देत आहोत.

प्रश्न (टिळकवाडी, बेळगाव): एजबॅस्टनचे मैदान बर्मिंगहॅमचे, तिथला संघ वॉरविकशर काउंटीचा, आणि नकाशात ती जागा वेस्ट मिडलंड्स काउंटीत दिसते. खरे काय मानायचे?

उत्तर: तिन्ही खरे आहे. काउंटी म्हणजे आपला जिल्हा, असे धरून चालले की घोटाळा होतो. पूर्वी बर्मिंगहॅम, कॉव्हेंट्री आणि सॉलिहल वॉरविकशरमध्ये होते, वुल्व्हरहॅम्प्टन आणि वॉल्सॉल स्टॅफर्डशरमध्ये, तर डडली वूस्टरशरमध्ये. 1 एप्रिल 1974 रोजी ही शहरे आणि सँडवेल मिळून सात विभागांची नवी वेस्ट मिडलंड्स काउंटी झाली. तिची काउंटी परिषद 1986 मध्ये बरखास्त झाली. तेव्हापासून रस्ते, शाळा, कचरा हे प्रत्येक शहर स्वतः पाहते. पोलीस मात्र सगळ्या काउंटीचे एकच आहेत, आणि 2017 पासून सातही विभागांचा मिळून एक महापौर लोक निवडून देतात.

क्रिकेटने ही नवी रेघ मानली नाही. वॉरविकशरचा क्लब 1882 चा, एजबॅस्टनवर तो 1886 पासून खेळतो. 1974 मध्ये त्याने ना नाव बदलले ना मैदान. सरकारी रेघ सरकली म्हणून माणसांची ओढ सरकत नाही, हे सीमाभागातल्या वाचकाला वेगळे सांगायला नको. पण सामना पाहायला निघालात तर वॉरविक गावाचे तिकीट काढू नका, ते गाव तीसेक किलोमीटर लांब आहे. उतरायचे बर्मिंगहॅम न्यू स्ट्रीटला. तिथून मैदान दक्षिणेला तीनेक किलोमीटर. जुलै 2025 मध्ये भारताने 336 धावांनी कसोटी जिंकली ती याच मैदानावर, आणि तो तिथला आपला पहिलाच कसोटी विजय. शुभमन गिलच्या 269 आणि 161 धावा, आकाश दीपचे सामन्यात दहा बळी.

आकाराने ही काउंटी लहान, सुमारे 900 चौरस किलोमीटर. आपला बेळगाव जिल्हा तिच्या जवळजवळ पंधरापट आहे. त्या एवढ्याशा जागेत 29 लाख माणसे राहतात.

प्रश्न (निपाणी): मुलगा कॉव्हेंट्रीत शिकतो. पार्सलवर काउंटीचे नाव घालायचे का?

उत्तर: गरज नाही. घर क्रमांक, रस्ता, टपालाचे गाव आणि पोस्टकोड एवढे पुरते. पोस्टकोड मात्र अक्षर न अक्षर तपासा, कारण पार्सल त्यावरच चालते. कॉव्हेंट्रीचा कोड ‘सीव्ही’ने सुरू होतो, बर्मिंगहॅमचा ‘बी’ने. पण कोडवरून काउंटी ओळखायला जाऊ नका. वॉरविक आणि लेमिंग्टनलाही ‘सीव्ही’च आहे, रेडिच आणि टॅमवर्थला ‘बी’, आणि ही चारही गावे वेस्ट मिडलंड्स काउंटीबाहेर आहेत.

प्रश्न (उद्यमबाग, बेळगाव): आमचे काम फाउंड्रीचे. डडलीच्या बाजूला ‘ब्लॅक कंट्री’ म्हणतात, तिथे लोखंडाचा धंदा एवढा कशामुळे वाढला?

उत्तर: भट्टीला लागणारे सगळे काही मैलांच्या आत जमिनीत होते. कोळशाचा मुख्य थर तब्बल तीस फूट जाड आणि बऱ्याच ठिकाणी वरच्यावर. जोडीला लोहदगड आणि भट्टीच्या अस्तराच्या विटांची माती. चुनखडी डडलीच्या रेन्स नेस्ट टेकडीत. क्युपोला, म्हणजे लोखंड वितळवायची भट्टी, चालवणाऱ्याला चुनखडीचे महत्त्व ठाऊक असतेच. ती राखेशी आणि मातीशी मिळून स्लॅग, म्हणजे वितळलेल्या धातूवरची मळी, पातळ करते. कमी पडली की स्लॅग घट्ट होऊन अडकतो आणि धातूत घाण येते. त्याच टेकडीत बेचाळीस कोटी वर्षांपूर्वीच्या समुद्री जीवांचे ठसे आहेत. त्यातला ट्रायलोबाइट ‘डडलीचा किडा’ म्हणून प्रसिद्ध आहे. हा सगळा परिसर 2020 पासून युनेस्कोचा जागतिक भूउद्यान आहे.

खाणीत पाणी भरायचे. ते उपसायला 1712 मध्ये न्यूकोमनचे वाफेचे इंजिन डडलीजवळ बसले. धूर आणि काजळी एवढी, की मुलखाचे नावच काळे पडले.

तिथली साखळी मुद्दाम पाहण्यासारखी. गज तापवून कापायचा, दोन्ही टोके तिरपी ठोकायची, वाकवून मागच्या कडीत ओवायचा, पुन्हा पांढऱ्या उष्णतेला नेऊन टोकांवर टोक ठेवून घणाने एकजीव करायचा. उष्णता कमी पडली किंवा मध्ये पापुद्रा राहिला तर कडी वरून जुळलेली दिसते आणि भार आला की उघडते. तुमच्या कास्टिंगमधल्या कोल्ड शटचाच, म्हणजे धातू एकजीव न झालेल्या सांध्याचाच, हा भाऊ. म्हणून जहाजाची साखळी ताणून तपासल्याशिवाय बाहेर जात नसे. क्रेडली हीथला लहान साखळ्या बायका घरामागच्या भट्टीवर घडवत. 1910 मध्ये कामगार नेत्या मेरी मॅकार्थर यांच्या पुढाकाराने त्यांनी दहा आठवडे संप केला आणि तासाला अडीच पेन्स किमान दर पदरात पाडून घेतला. डडलीच्या ब्लॅक कंट्री लिव्हिंग म्युझियममध्ये साखळीकाम प्रत्यक्ष दाखवतात.

प्रश्न (खानापूर, शिक्षिका): एवढा माल ने-आण करायला नदी होती का? बर्मिंगहॅमच्या कालव्यात बोट ‘पायऱ्या’ उतरते म्हणजे काय?

उत्तर: मोठी नदी नाही, हेच तर कालव्यांचे कारण. हा भाग पाणलोटाच्या कण्यावर आहे. तुमच्या तालुक्यात म्हादई पश्चिमेला आणि मलप्रभा पूर्वेला जाते, तसेच तिथे. टेम नदी ट्रेंटमार्गे उत्तर समुद्राला मिळते, स्टाउर सेव्हर्नमार्गे पश्चिमेला. कण्याजवळ नद्या ओढ्यांएवढ्याच. सगळ्यात उंच टर्नर्स हिल, 271 मीटर. म्हणून पठारावर कालवे खोदले, आणि उतार आला तिथे लॉक बांधले. हिडकलचा कालवा शेतीला पाणी देतो, हा बोटी वाहतो. त्यामुळे पाणी वाहते नको, साठलेले हवे.

लॉक म्हणजे दोन्ही टोकांना दरवाजे असलेला अरुंद हौद. बर्मिंगहॅमकडचा साधारण बावीस मीटर लांब, दोन मीटरच्या थोडा वर रुंद. दरवाजाच्या तळाशी किंवा बाजूला लहान झडपा असतात, त्या हातात धरायच्या हँडलने उघडतात. बोट खाली उतरवायची तर क्रम असा: खालचे दरवाजे आणि झडपा बंद करा. वरची झडप उघडून हौद भरा. पाणी समान झाले की वरचा दरवाजा ढकला, बोट आत घ्या, दरवाजा आणि वरची झडप लावा. मग खालची झडप आधी अर्धी, नंतर पूर्ण उघडा. पाणी खालच्या पातळीला आले की खालचे दरवाजे उघडून बाहेर पडा, आणि झडपा पुन्हा बंद करा.

पाणी वीतभरही वरखाली असेल तर दरवाजा हलत नाही, कारण सगळा दाब त्यावर असतो. तिथे जोर लावू नये, थांबावे. सगळ्यात मोठा धोका उंबऱ्याचा. वरच्या दरवाजाखाली दगडी उंबरा पुढे आलेला असतो. भिंतीवरच्या पांढऱ्या रेघेच्या मागे बोट राहिली तर पाणी उतरताना तिचे मागचे टोक उंबऱ्यावर अडकते, नाक खाली जाते आणि बोट बुडते. तसे दिसताच आधी खालच्या झडपा बंद, मग वरची हळूहळू उघडून पाणी पुन्हा चढवायचे. हँडल झडपेच्या दांड्यावर तसेच सोडू नये. खटका निसटला तर ते गरगर फिरत उडते आणि हात मोडतो.

प्रत्येक खेपेला सुमारे 90 हजार लिटर पाणी खाली जाते. पठारावर एवढे पाणी कुठून आणायचे? म्हणून स्मेदिकला 1779 मध्ये बोल्टन आणि वॅटचे इंजिन बसवले. उतरलेले पाणी ते परत वर चढवायचे. ते इंजिन आज बर्मिंगहॅमच्या थिंकटँक संग्रहालयात आहे. शहरातून चालत पाहायचे असेल तर फार्मर्स ब्रिजचे ओळीने तेरा लॉक पाहा. मुलांना समजवायला याहून चांगली जागा नाही.

प्रश्न (कॅम्प, बेळगाव): घरातल्या जुन्या चमच्यावर जहाजाच्या नांगराची खूण आहे. चांदीच असेल का?

उत्तर: नांगर ही बर्मिंगहॅमच्या, 1773 मध्ये सुरू झालेल्या, चांदीचा कस तपासणाऱ्या कार्यालयाची खूण. पण एकटा नांगर पाहून ठरवू नका. जुन्या चमच्यावर त्याच्या शेजारी चालता सिंह हवा, तो 92.5 टक्के चांदीचा. शिवाय वर्षाचे अक्षर आणि कारागिराची आद्याक्षरे. 1784 ते 1890 मधला असेल तर राजाचे किंवा राणीचे डोकेही असते. ‘ईपीएनएस’ लिहिले असेल तर तो निकेलच्या मिश्रधातूवर चांदीचा मुलामा. भिंगाने पाहा, आणि आधी घासू नका. खुणा झिजल्या की काळ सांगता येत नाही.

प्रश्न (चिकोडी): 2022 च्या राष्ट्रकुल स्पर्धेतल्या कुस्त्या बर्मिंगहॅमला झाल्या. ती जागा पाहता येईल का?

उत्तर: नाव बर्मिंगहॅमचे, पण कुस्त्या झाल्या कॉव्हेंट्रीत. भारताच्या बाराही मल्लांनी पदके आणली, त्यात सहा सुवर्ण. सांगलीच्या संकेत सरगरने वेटलिफ्टिंगच्या 55 किलो गटात रौप्य उचलले ते एनईसी या प्रदर्शन केंद्राच्या सभागृहात, आणि ते सॉलिहल विभागात येते. पोहणे स्मेदिकला झाले. अविनाश साबळेचे स्टीपलचेसचे रौप्य मात्र खास बर्मिंगहॅमच्या अलेक्झांडर स्टेडियमवरचे.

फुटबॉलही पाहणार असाल तर संघ नीट ओळखा. ॲस्टन व्हिलाचे संचालक विल्यम मॅकग्रेगर यांच्या 1888 मधल्या पत्रातून बारा क्लबांची फुटबॉल लीग सुरू झाली. त्या बारांत व्हिला, वुल्व्ह्ज (वुल्व्हरहॅम्प्टनचा संघ) आणि वेस्ट ब्रॉमविच अल्बियन हे तिघे इथलेच. वुल्व्ह्ज आणि अल्बियन यांच्यातला सामना म्हणजे ब्लॅक कंट्री डर्बी. यजमानांच्या बाजूचे तिकीट घेतले असेल तर पाहुण्या संघाचा रंग अंगावर घालू नका, आत सोडत नाहीत. अल्बियनचे हॉथॉर्न्स मैदान समुद्रसपाटीपासून 168 मीटरवर, लीगमधल्या मैदानांत सर्वांत उंच. बर्मिंगहॅमहून वुल्व्हरहॅम्प्टनकडे जाणारी ट्राम मैदानाजवळच थांबते.