‘रस्टिकेट केले’ म्हणजे नेमके काय केले?

प्रश्न असा आला आहे: परीक्षांच्या दिवसांत ‘भरारी पथकाने पाच विद्यार्थ्यांना रस्टिकेट केले’ अशा बातम्या येतात. रस्टिकेट म्हणजे कॉलेजातून काढून टाकणे का? डिबार वेगळे का? मराठीत काय लिहावे?

‘रस्टिकेट’च्या मुळाशी लॅटिनमधला खेडेगावाचा शब्द आहे. ऑक्सफर्ड-केंब्रिजमध्ये शिस्त मोडणाऱ्याला काही काळापुरते विद्यापीठाबाहेर घालवत, त्याला हे नाव. मुदत संपली की तो परतू शके. ‘डिबार’चा अर्थ त्याहून अरुंद आहे: परीक्षेला बसायला मनाई. कायमचे काढले तर ‘निष्कासन’. आपल्या बोर्ड-विद्यापीठांच्या मराठीत आणखी एक नेमका शब्द आहे, ‘संपादणूक रद्द’. त्या परीक्षेत जे मिळवले ते गेले, एवढाच त्याचा अर्थ. पुढच्या परीक्षांना मनाई करायची असेल तर आदेशात तसे वेगळे लिहावे लागते. बातम्यांत मात्र या सगळ्यांना सरसकट ‘रस्टिकेट’ म्हणतात.

पण या वाक्यातली मोठी चूक त्याच्या कर्त्यात आहे. भरारी पथक कोणालाही रस्टिकेट करू शकत नाही. वर्गात चिठ्ठी सापडली की ती आणि उत्तरपत्रिका ताब्यात घेतात, वेळ नोंदवतात, विद्यार्थ्याचा जबाब घेतात, आणि उरलेला पेपर लिहायला नवी उत्तरपत्रिका देतात. नवी उत्तरपत्रिका देतात याचाच अर्थ निर्णय अजून व्हायचा आहे. पुढे निकाल राखून ठेवतात, प्रकरण चौकशी समितीकडे जाते, विद्यार्थ्याला नोटीस मिळते, तो आपले म्हणणे मांडतो. महाराष्ट्राच्या २०१६च्या विद्यापीठ कायद्यात ही समिती जास्तीत जास्त पाच जणांची आहे.

इथे ‘जबाब’ आणि ‘कबुलीजबाब’ यांतही गल्लत नको. भेदरलेला मुलगा समोरचे सांगतील ते लिहून सही करतो. त्या कागदाला आधीच ‘कबुलीजबाब’ म्हटले, तर सुनावणीत त्याला बोलण्यासारखे काय उरले?

सुनावणी ही कोणाची मेहेरबानी नाही. उत्तर प्रदेशात १९५४च्या इंटरमिजिएट परीक्षेत तीन विद्यार्थी पास झाले, आणि काही महिन्यांनी बोर्डाने त्यांचे निकाल रद्द करून पुढच्या वर्षीच्या परीक्षेलाही बंदी घातली. त्यांना एका शब्दाने विचारले नव्हते. कायद्यात सुनावणीची तरतूद नाही, असे बोर्डाचे म्हणणे. १९६२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते फेटाळले: अशी शिक्षा देणारी समिती न्यायनिवाड्यासारखेच काम करते, म्हणून ऐकून घेणे बंधनकारक आहे. मला हा निकाल फार मोलाचा वाटतो. एक वर्ष वाया जाणे म्हणजे काय, हे शिकणाऱ्या मुलांच्या घरांना चांगले ठाऊक असते.

याचा अर्थ फौजदारी खटल्याइतका कडक पुरावा लागतो असा नाही. महाराष्ट्र बोर्डाच्या गुणांत फेरफार झाल्याच्या प्रकरणात न्यायालयाने १९९१ मध्ये सांगितले, की संभाव्यतेचे पारडे कुठे झुकते एवढे पाहणे पुरे.

आणि ‘परीक्षा रद्द’ व ‘संपादणूक रद्द’ एकच समजू नका. बिहारमधल्या एका केंद्रावर सामूहिक कॉपी झाल्याचे दिसल्यावर तिथली परीक्षाच रद्द झाली. त्यात कोणा एकावर ठपका नव्हता, म्हणून प्रत्येकाची सुनावणी लागत नाही, असे १९७०चा निकाल म्हणतो. नाव घेऊन ठपका ठेवलात, की मात्र ऐकून घ्यावेच लागते.

तेव्हा पहिल्या दिवशीच्या बातमीत ‘पाच विद्यार्थ्यांवर गैरप्रकाराची प्रकरणे नोंदवली’ असे लिहावे. ‘कॉपीबहाद्दर’ हा शब्द तर नकोच. तो निकालाआधीच शिक्का मारतो. समितीचा निर्णय आल्यावर शिक्षा जी असेल ती नावानिशी लिहावी: संपादणूक रद्द, अमुक परीक्षांना बसण्यास मनाई, किंवा निष्कासन.