सामुराईचा डबा

सप्रेम आशीर्वाद.

तुझं पत्र मिळालं. तिन्ही पटकथा वाचल्या: एक रहस्यकथा, एक शिवकाळातली, एक चाळीतल्या म्हाताऱ्याची. ‘तुमचा नेमका बाज कुठला?’ हा तुला विचारलेला प्रश्न तुझ्या मनाला फार लागलेला दिसतो. म्हणून तुला जपानी पटकथाकार शिनोबू हाशिमोतोबद्दल सांगतो.

जन्म १९१८ चा, जपानच्या ह्योगो प्रांतातला. सैन्यात गेला तर क्षयाने गाठलं. चार वर्षं आरोग्यधामात काढली. तिथे दुसऱ्या एका रुग्णाने दिलेल्या मासिकात त्याने पटकथा वाचली. हे तर मलाही जमेल, असं त्याला वाटलं. पहिलं लेखन पाठवलं ते थेट दिग्दर्शक मान्साकू इतामींकडे, आणि त्यांनी त्याला शिष्य मानलं. मग नोकरी सांभाळून लेखन. १९५० साली ‘राशोमोन’ हा चित्रपट आला. पुढे ‘इकिरू’तला कर्करोग झालेला कारकून, ‘हाराकिरी’तला रोनिन म्हणजे धनी नसलेला सामुराई योद्धा, फाशीची शिक्षा झालेला साधा न्हावी, समुद्रात बुडणारा अख्खा जपान, सगळं याच हातचं.

हे कसं जमलं? माझ्या मते उत्तर एका डब्यात आहे. ‘सेव्हन सामुराई’च्या आधी, ‘राशोमोन’चे दिग्दर्शक अकिरा कुरोसावांना एका सामुराईचा एकच दिवस दाखवायचा होता. हाशिमोतोने वाचनालयात खेटे घातले. पण त्या काळी सामुराई दिवसातून दोनदा जेवत की तीनदा, किल्ल्यावर जाताना दुपारचा डबा घरून नेत की तिथेच जेवत, हे काही केल्या हाती लागेना. त्याने ती गोष्टच सोडून दिली. कुरोसावा भडकले, तरी हा ठाम. पुढे दोघांनी हिदेओ ओगुनींसोबत ‘सेव्हन सामुराई’ लिहिला, त्यात शेतकरी सामुराईंना मोबदला काय देतात? पोटभर भात. आणि स्वतः भरड धान्यावर भागवतात. मला हा योगायोग वाटत नाही.

कादंबरीवरून लिहितानाही तो असाच खोल शिरायचा. ‘सुना नो उत्सुवा’ (१९७४) बघच. महारोगी बाप आणि लहानगा मुलगा गाव सोडून भटकतात, हे सेइचो मात्सुमोतोंच्या कादंबरीत ओझरतं येतं. हाशिमोतो आणि योजी यामादांनी त्यातूनच चित्रपटाचा शेवट उभा केला. बर्फ, पाऊस, दारोदार भीक, संवाद जवळपास नाहीतच. त्या पोराचं पाऊल बघताना माझे डोळे दर वेळी भरून येतात.

त्यामुळे बाज ठरवायच्या मागे लागू नकोस. तुझी शिवकाळातली पटकथा परत पाठवतोय. पान १४ वर किल्लेदार पहाटेपासून तटावर उभा आहे, दिवेलागणीपर्यंत हलत नाही. त्याची भाकरी कोण आणतं? सोबत कांदा असतो की नुसतंच मीठ? हे शोधून काढ आणि तो प्रसंग पुन्हा लिहून पाठव. वाट बघतोय.

तुझा,
काका