हिंस्र की हिंसक? आधी तो ‘त’ काढा

रोजच्या जगण्यातल्या हिंसेवरच्या एका प्रायोगिक चित्रपटाला ‘हिंस्त्र’ म्हणावे की ‘हिंसक’, असा प्रश्न आला आहे. पडद्यावर रक्ताचा थेंब नाही, कुणी कुणावर हात उगारत नाही. आपटून ठेवलेली बशी, मध्येच तोडलेले वाक्य, बंद दाराबाहेर थबकलेली पावले, एवढेच.

आधी तो ‘त’ काढा. शब्द हिंस्र आहे. सहस्रचे ‘सहस्त्र’ आणि स्रोतचे ‘स्त्रोत’ करणाऱ्यांनीच हाही नासवला. हा ‘र’ पाणिनीने ‘अष्टाध्यायी’ या व्याकरणग्रंथात (३.२.१६७) नम्, कम्प्, हिंस्, दीप् वगैरे धातूंना एकाच सूत्रात लावला आहे. म्हणजे नम्र आणि हिंस्र सख्खी भावंडे! अर्थही एकाच साच्यातला, तो स्वभाव किंवा सवयच असणे. ‘हिंसक प्रसंगापुरता, हिंस्र जातीचाच’ असा भेद काही जाणकार ऐटीत सांगतात. त्यांनी जरा मागे जाऊन ३.२.१४६ वाचावे. हिंसकही तिथे स्वभावाच्याच अर्थाने सिद्ध होतो. मराठीत फरक आहे तो वहिवाटीचा : श्वापद हिंस्र, जमाव हिंसक.

खरी गंमत धातूत आहे. धातुपाठ, म्हणजे संस्कृत धातूंची अर्थांसह जुनी यादी, ‘हिसि हिंसायाम्’ म्हणून मोकळा होतो. हिंसा म्हणजे काय, तर हिंसा! मला पटते ते हे की हिंस् हे हन्‌चे जुने इच्छार्थक रूप : मारणे नव्हे, मारू पाहणे. ‘अहो, हन्‌चे इच्छार्थक तर जिघांसति होते’, असे वैयाकरण लगेच ऐकवतील. होते ना. पण भज्‌पासून भिक्ष् आणि शक्‌पासून शिक्ष् अशीच निघाली, असे भाषाभ्यासक मानतात. धातुपाठाने त्यांनाही वेगळे बिऱ्हाड दिले आहे. मग हिंस्‌नेच काय घोडे मारले? आपले ‘हाणणे’ त्याच हन्‌चे, पण हाणण्यात रट्टा बसतोच. हिंसेत तो बसायच्या आधीचा क्षण आहे, आणि आपटलेल्या बशीत नेमका तोच असतो. योगसूत्रे (२.३४) तर हिंसा कृत (स्वतः केलेली), कारित (करवून घेतलेली) आणि अनुमोदित (मान्य केलेली) अशी मोजतात. तिसरीत गप्प बसून बघणाराही सापडतो.

हां, चित्रपटाचे राहिलेच. विषय हिंसा एवढेच सांगायचे तर ‘हिंसेवरचा चित्रपट’ लिहा. पण तो स्वतःच बघणाऱ्याच्या अंगावर येत असेल, तर खुशाल हिंस्र म्हणा.