रंगदेवता कोण?

चि. सईस अनेक आशीर्वाद.

आजीबरोबर बालगंधर्व रंगमंदिरात नाटक पाहून आल्यावर तू विचारलेस की, पडदा उघडण्यापूर्वी ‘रंगदेवतेला आणि नाट्यरसिकांना विनम्र अभिवादन करून’ असे म्हणतात, ती रंगदेवता कोण आणि तिची मूर्ती कुठे असते. पडद्यामागे नटराजाची पूजा होते, नारळ वाढवला जातो. पण नट प्रवेशापूर्वी वाकून नमस्कार करतो तो रंगमंचालाच. या नमस्काराचा अर्थ मला पोलंडमधल्या आपल्या पोझनान शहराशी जोडलेल्या एका पोलिश नटाच्या आयुष्यात सापडतो.

तादेउश वोमनित्स्की यांचा जन्म 1927 चा. युद्ध संपताच त्यांनी क्राकूवमध्ये अभिनयाला सुरुवात केली. आंद्रेय वायदा यांच्या 1955 च्या पहिल्या चित्रपटात ते नायक होते, आणि 1969 मध्ये त्यांनी पडद्यावर साकारलेला बुटका, शूर कर्नल वोवोदियोव्स्की पोलंडमध्ये घरोघरी पोचला. एवढी लोकप्रियता लाभूनही त्यांनी रंगभूमी सोडली नाही, हे मला फार मोलाचे वाटते. वॉर्सात जर्मन नाटककार ब्रेख्तच्या नाटकातला आर्तुरो उई हा हिटलरसारखा गुंड त्यांनी गाजवला, तिथल्या सरकारी नाट्यविद्यालयाचे ते 1970 पासून अकरा वर्षे प्रमुख होते, आणि 1976 मध्ये कामगारवस्तीच्या वोला भागात त्यांनी स्वतःचे नाट्यगृह उभे केले. तिथेच 1981 मध्ये ‘अमाडेउस’ नाटकात ते संगीतकार मोझार्टचा मत्सर करणारा सालिएरी झाले. समोर मोझार्टच्या भूमिकेत दिग्दर्शक रोमान पोलान्स्की स्वतः होते.

त्यानंतर उरली होती ती शेक्सपिअरच्या लिअर राजाची भूमिका. तिच्यासाठी ते पोझनानच्या तेआत्र नोवी या नाट्यगृहात आले. प्रयोग काही दिवसांवर आला असताना, 22 फेब्रुवारी 1992 रोजी, तालीम चालू असतानाच रंगमंचावर हृदयविकाराचा झटका येऊन ते गेले. तेव्हा ते चौसष्ट वर्षांचे होते.

सई, नट ज्या जागेला आपले सारे आयुष्य देतो, तिच्यावर पाऊल ठेवण्यापूर्वी तो वाकतो. ती जागाच रंगदेवता, म्हणून निराळी मूर्ती लागत नाही. पोलंडमध्ये हा विधी नाही, पण वोमनित्स्कींची निष्ठा त्याच जातीची होती, असे मी मानते.

शिरवाडकरांच्या ‘नटसम्राट’मागेही हाच लिअर आहे. डॉ. लागूंचे गणपतराव बेलवलकर आजीने पाहिले आहेत का, ते तिला विचार आणि मला सविस्तर कळव.

तुझी आई