'अफगाण' नेमके कोण? वाचकांचे प्रश्न

प्रश्न: पानिपतावर आलेले अब्दालीचे सैन्य म्हणजे अफगाण राष्ट्राचे सैन्य होते का?

नाही. १७४७ मध्ये कंदाहारला अहमदशहा गादीवर बसला तो पश्तून टोळ्यांच्या बळावर. पण त्याच्या फौजेत किझिलबाशही (इराणकडून आलेले तुर्की वंशाचे शिया सैनिक) होते आणि दरबाराची भाषा फारसी होती. निष्ठा होती ती बादशहाशी आणि टोळीशी. सर्वांचे मिळून एक राष्ट्र ही कल्पना रुजवली विसाव्या शतकात काबूलचे लेखक-संपादक महमूद तरझी यांनी, १९११ पासून निघालेल्या 'सिराज-उल-अखबार' या पत्रातून. १७६१ च्या लढाईला आजचा राष्ट्रवाद चिकटवू नये.

प्रश्न: अफगाणिस्तानातले काही ताजिक आणि हजारा (पश्तूनांहून वेगळ्या जमाती) स्वतःला अफगाण म्हणवून घ्यायला का तयार नसतात?

कारण हे नाव मुळात पश्तूनांचे. १९६४ च्या राज्यघटनेने ते प्रत्येक नागरिकाला दिले. २००४ च्या घटनेने चौथ्या कलमात १४ समूहांची नावे घेऊन तेच पुन्हा सांगितले. तरीही २०१८ मध्ये इलेक्ट्रॉनिक ओळखपत्र, म्हणजे तझकिरा, निघाले तेव्हा त्यावर 'अफगाण' छापण्यावरून सरकारातच फूट पडली. अध्यक्ष अश्रफ घनी यांनी वाटप सुरू केले. सहमतीआधी ते करायला मुख्य कार्यकारी अब्दुल्ला अब्दुल्ला यांचा विरोध होता.

या अविश्वासाला कारणे आहेत. १८९१ ते १८९३ या काळात अमीर अब्दुर रहमानने हजारांचे बंड चिरडले, त्यांच्या जमिनी पश्तूनांना दिल्या, माणसे गुलाम म्हणून विकली गेली. पुढे १९३०च्या दशकात सरकारी नोकरांना पश्तो शिकण्याची सक्ती झाली. कामकाज मात्र बहुतांशी फारसीतच चालत राहिले. अशा अनुभवानंतर २०२१ पर्यंत लागू असलेल्या घटनेतले ते कलम अपुरे पडले, आणि ते पुरेसे होते असे हजारांना सुनावणे अन्यायाचे आहे.

प्रश्न: कोणत्या जमातीची टक्केवारी किती?

पूर्ण जनगणना कधीच झालेली नाही. १९७९ ची अर्धवट राहिली. मिळतात ते अंदाज. अंदाज मांडणारा कोणत्या बाजूचा आहे, हे आधी पाहा.

प्रश्न: मग देश फुटला कसा नाही?

भांडण देश सोडण्याचे नसून काबूलमधल्या वाट्याचे आहे. १९९२ मध्ये साम्यवादी सरकार पडल्यावर सशस्त्र गट बऱ्याच अंशी जमातींनुसार लढले, पण कोणत्याही प्रमुख गटाने वेगळा देश मागितला नाही. हजारांच्या वहदत पक्षाने आणि उझबेक नेते दोस्तम यांनी संघराज्य मागितले. १९९६ मध्ये तालिबानने काबूल घेतल्यावर अध्यक्ष बुऱ्हानुद्दीन रब्बानींचे सरकार उत्तरेत सरकले, तरी संयुक्त राष्ट्रांतली अफगाणिस्तानची जागा त्याने २००१ पर्यंत सोडली नाही.